धुंडिराज गोविंद फाळके

धुंडिराज गोविंद फाळके ऊर्फ दादासाहेब फाळके (३० एप्रिल १८७०, त्र्यंबकेश्वर – १६ फेब्रुवारी १९४४, नाशिक) हे मराठी चित्रपट निर्माते व दिग्दर्शक होते. त्यांना भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक मानले जाते. चित्रपट बनतो कसा, हे सामान्य प्रेक्षकाला समजावून सांगण्याचे त्यांचे कार्य मात्र तुलनेने दुर्लक्षित राहिले आहे.

मुंबईच्या सर ज. जी. कला विद्यालयात आणि बडोद्याच्या कलाभवनात त्यांचे शिक्षण झाले. छायाचित्रण, पुरातत्त्व खात्यातील नोकरी व मुद्रणव्यवसाय यांनंतर भागीदारांशी मतभेद होऊन त्यांनी छापखाना सोडला. पुढे ख्रिस्ताच्या जीवनावरील एक मूकपट पाहून ते या माध्यमाकडे वळले. अहोरात्र अभ्यासामुळे त्यांची दृष्टी काही काळ अधू झाली होती.

१९१२ साली विमा पॉलिसी गहाण ठेवून ते लंडनला गेले. तेथे निर्माते सेसिल हेपवर्थ यांच्या स्टुडिओतील कामकाज त्यांना पाहता आले. कॅमेरा घेऊन ते परतले, पण भांडवल नव्हते. तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याच्या वाढीची एकेक चौकट दिवसेंदिवस टिपली. पडद्यावर अंकुर क्षणार्धात वाढताना दिसला आणि त्यातूनच कर्जाची सोय झाली. हा लघुपट म्हणजे कॅमेऱ्याच्या सामर्थ्याचे प्रात्यक्षिकच होते.

‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमात सर्वांसाठी प्रदर्शित झाला. पत्नी सरस्वतीबाईंनी दागिने दिलेच, शिवाय फिल्मला छिद्रे पाडणे, ती रसायनात धुणे आणि चित्रीकरणात उजेड परावर्तित करण्यासाठी पांढरी चादर धरणे ही कामेही केली. तंत्रज्ञ म्हणून त्यांचे नाव घेतले जात नाही, हे अन्यायाचे आहे.

१९१७ मध्ये फाळके यांनी चित्रपटनिर्मितीवरच एक लघुपट काढला. नटांची तालीम, चित्रीकरण, फिल्मवरील प्रक्रिया व संकलन ही पडद्यामागची कामे त्यात दिसतात आणि दिग्दर्शक म्हणून ते स्वतःही. पडद्यामागची कहाणी दाखवणारे कार्यक्रम दूरचित्रवाणीवर येण्याच्या कितीतरी आधीचे हे काम आहे. ज्या युक्त्यांवर आपला धंदा चालतो त्याच प्रेक्षकांपुढे उघड करण्यात धोका होता. परंतु हा व्यवसाय स्वदेशी व्हायचा असेल तर विद्या चार जणांना आली पाहिजे, अशी त्यांची धारणा होती. त्याच सुमारास ‘नवयुग’ मासिकातील लेखमालेतून त्यांनी आपले अनुभव मांडले. ‘कालियामर्दन’च्या (१९१९) प्रारंभी त्यांची कन्या मंदाकिनी निरनिराळे मुखभाव करून दाखवते आणि मगच कृष्णाच्या वेषात अवतरते.

१९१८ मध्ये हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी स्थापन झाली. तेथेही भागीदारांशी त्यांचे पटले नाही. बोलपटांच्या काळात ते मागे पडले. ‘गंगावतरण’ (१९३७) हा त्यांचा अखेरचा चित्रपट. त्यांच्या नावाचा राष्ट्रीय पुरस्कार १९६९ पासून दिला जातो. निर्मितीप्रक्रियेवरील लघुपटाचा काही भाग आजही उपलब्ध असून त्यात फाळके काम करताना पाहता येतात.