सर्वांस एकच दार : व्हिन्स लोंबार्डी यांचे चरित्र

अमेरिकेत ज्या खेळास फुटबॉल म्हणतात तो आपल्याकडील फुटबॉल नव्हे. त्यात एका बाजूचे अकरा गडी लांबट चेंडू हाती घेऊन पुढे सरकू पाहतात, व दुसऱ्या बाजूचे अकरा गडी त्यांस अंगाने अडवून खाली पाडतात. चेंडू घेऊन धावणाऱ्याचे नाव सर्वांच्या तोंडी होते; परंतु त्याच्यापुढे राहून धक्के सोसणारे व त्यास वाट करून देणारे जे गडी, त्यांची वाहवा क्वचितच होते. अशा वाट करून देणाऱ्या गड्यांपैकी एक पुढे त्या खेळाचा सर्वांत नामांकित वस्ताद झाला. त्याचे चरित्र आम्ही आज वाचकांपुढे ठेवीत आहो.

व्हिन्सेंट लोंबार्डी यांचा जन्म ११ जून १९१३ रोजी न्यूयॉर्क शहराच्या ब्रुकलिन भागात झाला. त्यांचे घराणे इटलीहून येऊन तेथे स्थायिक झालेले व रोमन कॅथलिक पंथाचे होते. वडील मांसविक्रीचा धंदा करीत. पाच भावंडांत व्हिन्सेंट सर्वांत थोरले. धर्मगुरू व्हावे अशी इच्छा धरून ते पंधराव्या वर्षी त्या शिक्षणासाठी शाळेत गेले; परंतु हे आपले पाचारण नव्हे असे जाणून काही वर्षांनी त्यांनी तो मार्ग सोडला. उपासनेस जाण्याचा नेम मात्र त्यांनी जन्मभर पाळला.

१९३३ साली ते फोर्डम विद्यापीठात गेले. तेथील संघात पुढच्या रांगेत जे सात गडी उभे राहत त्यांस लोक ग्रॅनाइटचे सात चिरे म्हणत. त्या सातांत लोंबार्डी अंगाने लहान. पण एका सामन्यात दात पडून तोंडास मोठी जखम झाली असताही संघास गरज पडताच ते पुन्हा रांगेत उभे राहिले. १९३७ साली पदवी मिळाली. पुढे कायद्याचा अभ्यास आरंभिला, तोही सुटला. शेवटी १९३९ साली न्यू जर्सी संस्थानातील एंगलवुड गावच्या सेंट सिसिलिया शाळेत ते शिक्षक झाले. तेथे आठ वर्षे त्यांनी मुलांस लॅटिन, रसायन व पदार्थविज्ञान शिकविले आणि खेळही शिकविला. ज्यास एखादी गोष्ट समजली नाही त्यास ती समजेपर्यंत पुन्हा पुन्हा सांगावी, हा धडा ते त्याच वर्गात शिकले.

त्यानंतर फोर्डम येथे, वेस्ट पॉइंटच्या सैनिकी विद्यालयात व न्यूयॉर्क जायंट्स संघात त्यांनी दुसऱ्यांच्या हाताखाली काम केले. आपल्या इटालियन नावामुळे मोठी जागा आपणांस मिळत नाही असे त्यांस वाटे, व हे शल्य त्यांच्या मनात खोल होते. वयाची पंचेचाळीस वर्षे उलटल्यावर, १९५९ साली, विस्कॉन्सिन संस्थानातील ग्रीन बे पॅकर्स या संघाने त्यांस मुख्य शिक्षक नेमिले.

ग्रीन बे हे थंड मुलखातील सुमारे साठ हजार वस्तीचे गाव. तेथील संघ कोणा श्रीमंताचा नसून भाग घेतलेल्या गावकऱ्यांचा होता. १९५८ साली बारा सामन्यांपैकी संघाने एकच जिंकला व दहा गमावले होते. लोंबार्डी यांनी नवल असे काही केले नाही. थोडे डाव घेतले व तेच इतक्या वेळा घोटून घेतले की प्रत्येकाचे पाऊल आपोआप जागी पडावे. पहिल्याच वर्षी सात सामने जिंकले. १९६० साली अंतिम सामना ते फिलाडेल्फियाशी १७ विरुद्ध १३ असा हरले. परंतु १९६१, १९६२, १९६५, १९६६ व १९६७ अशी पाच वर्षे अजिंक्यपद त्या लहान गावाकडे आले.

परंतु आम्हांस अधिक महत्त्वाची वाटते ती गोष्ट निराळी आहे. त्या काळी अमेरिकेत काळ्या वर्णाच्या लोकांस पुष्कळ खाणावळींत व हॉटेलांत घेत नसत. वेगळे दार व वेगळे भांडे म्हणजे काय, हे आमच्या वाचकांस सांगावयास नको. लोंबार्डी यांनी ग्रीन बेच्या खाणावळवाल्यांस बजाविले की, जेथे माझ्या काळ्या गड्यांस जागा नाही तेथे माझा एकही गडी येणार नाही. दक्षिणेकडे प्रवासात असता एका खाणावळीत सांगण्यात आले की, काळ्या गड्यांनी मागच्या दाराने यावे व जावे. तेव्हा लोंबार्डी यांनी गोऱ्या गड्यांसही त्याच मागच्या दाराने नेले. अशा संघात विली डेव्हिस हा काळ्या वर्णाचा गडी बचावाच्या फळीचा नायक झाला. त्याचे ऐकताना गोऱ्या गड्यांस कमीपणा वाटला नाही.

३१ डिसेंबर १९६७ रोजी डॅलस संघाशी सामना झाला तेव्हा थंडी शून्याखाली पंचवीस अंश होती व पंचांच्या शिट्ट्याही गोठल्या. सोळा सेकंद उरले असता ग्रीन बे तीन गुणांनी मागे होते, व रेषा एका हातावर होती. बरोबरी साधण्याचा सोपा मार्ग असता संघाने कठीण मार्ग धरिला. पुढच्या गड्यांनी वाट पाडली, बार्ट स्टार चेंडूसह रेषेपलीकडे पडला, व सामना २१ विरुद्ध १७ असा जिंकला.

लोंबार्डी निर्दोष होते असे आम्ही म्हणत नाही. त्यांचा राग फार तीव्र होता. बलाढ्य गडीही त्यांच्या ओरडण्याने खचत. कामापुढे पत्नी मेरी व दोन मुले यांच्या वाट्यास ते थोडेच आले. परंतु दुसऱ्याची उणीव शोधताना ते कारणही शोधीत. १९६९ साली ते वॉशिंग्टनच्या संघाकडे गेले. तेथे लॅरी ब्राउन नावाचा नवा गडी इशारा होताच निघण्यास किंचित उशीर करी. लोंबार्डी यांनी त्यास आळशी ठरविले नाही. त्याचे कान तपासून घेतले. एका कानाने त्यास ऐकू येत नव्हते. त्यांनी त्याच्या शिरस्त्राणात ऐकण्याचे यंत्र बसवून घेतले, व १९७२ साली तोच ब्राउन त्या खेळातील सर्वोत्तम गडी ठरला.

ते पाहण्यास लोंबार्डी उरले नव्हते. आतड्याच्या कर्करोगाने ३ सप्टेंबर १९७० रोजी, वयाच्या सत्तावन्नाव्या वर्षी, वॉशिंग्टन येथे ते वारले. त्या खेळातील सर्वांत मोठ्या विजयाचे रुपेरी चिन्ह त्यांच्या नावाने दिले जाते. परंतु त्या चिन्हावर जे कोरलेले नाही तेही आम्ही वाचकांस सांगू इच्छितो. ज्यास अपमानाचा अनुभव आहे, तो एकतर दुसऱ्याचा अपमान करून त्याची भरपाई करतो, किंवा त्याच्या बाजूस जाऊन उभा राहतो. मांसविक्या इटालियनाच्या या मुलाने दुसरा मार्ग निवडिला, आणि आपल्या सर्व गड्यांस मागच्या दाराने नेऊन एका मेजावर बसविले.