बाजू ऐकून घेण्याचा धर्म

वसई-विरार पट्ट्यात राहणाऱ्या माणसाला ‘नोटीस’ या शब्दाची ओळख करून द्यावी लागत नाही. सरकारी जागेवरची चाळ असो की आरक्षित भूखंडावरची इमारत, भिंतीवर तो कागद चिकटला की घरातला घास गोड लागत नाही. नालासोपाऱ्यात कचराभूमी आणि सांडपाणी प्रक्रिया केंद्रासाठी राखलेल्या जागेवरच्या 41 इमारती उच्च न्यायालयाच्या आदेशाने पाडल्या गेल्या. 2025च्या सुरुवातीला ते काम संपले. उघड्यावर आलेले ते संसार पाहताना मला आठवले ते न्यायमूर्ती यशवंत विष्णु चंद्रचूड.

12 जुलै 1920 रोजी पुण्यात त्यांचा जन्म झाला. नूतन मराठी विद्यालय, एल्फिन्स्टन महाविद्यालय आणि पुण्याचे विधी महाविद्यालय असा त्यांचा शिक्षणाचा प्रवास. 1943 साली ते मुंबईत वकिली करू लागले, 1961 साली उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले आणि 1972 साली सर्वोच्च न्यायालयात गेले. फेब्रुवारी 1978 ते जुलै 1985 अशी सात वर्षांहून अधिक काळ ते सरन्यायाधीश होते. इतकी प्रदीर्घ कारकीर्द आजवर दुसऱ्या कोणाच्याही वाट्याला आलेली नाही.

या माणसाच्या आयुष्यात एक काळी नोंद आहे, ती झाकून चालणार नाही. 1976 साली, आणीबाणीत, तुरुंगात डांबलेल्यांना न्यायालयाचे दार ठोठावता येणार नाही, असा निकाल पाचपैकी चार न्यायमूर्तींनी दिला. त्या चारांत चंद्रचूड होते. विरोधात उभे राहिले ते एकटे न्यायमूर्ती खन्ना. पुढे चंद्रचूडांनी त्याबद्दल जाहीर खंत व्यक्त केली. 2017 साली तो निकाल चुकीचा ठरवणाऱ्या न्यायमूर्तींत त्यांचेच चिरंजीव धनंजय होते. काळाचा न्याय म्हणतात तो असा!

1981च्या जुलै महिन्यात, ऐन पावसाळ्यात, मुंबईच्या पदपथांवरील झोपड्या हटवून तिथल्या रहिवाशांना आपापल्या गावी धाडण्याचा निर्णय तत्कालीन मुख्यमंत्र्यांनी जाहीर केला. तमिळनाडूतल्या सालेमकडच्या एका भूमिहीन मजुराला असेच बसमध्ये बसवून परत पाठवले गेले. गावात काम नव्हते, तेव्हा तो पुन्हा मुंबईत आला. पत्रकार ओल्गा टेलिस यांच्यासह अनेकांच्या याचिका सर्वोच्च न्यायालयात पोहोचल्या.

महापालिका कायद्याचे 314 वे कलम नोटीस न देता अतिक्रमण काढण्याची मुभा देत होते. 10 जुलै 1985 रोजी, म्हणजे निवृत्तीच्या आदल्याच दिवशी, पाच न्यायमूर्तींच्या पीठाचा निकाल चंद्रचूडांनी दिला. पोट भरण्याचे साधन काढून घेणे म्हणजे जगणेच काढून घेणे, हे त्यांनी मान्य केले. कलमातली ती मुभा अपवादासाठी आहे, एरवी माणसाला आधी सांगावे आणि त्याचे म्हणणे ऐकावे, असा अर्थ त्यांनी लावला. अतिक्रमण करणाराही माणूसच आहे आणि त्याचे ऐकून घेण्यात त्याचा मान आहे, हा त्यामागचा विचार.

पण निकालाचा शेवट कडू होता. सुनावणी आता आमच्यासमोरच झाली, असे म्हणून न्यायालयाने झोपड्या काढण्यास परवानगी दिली. पावसाळा संपून 31 ऑक्टोबर उलटेपर्यंत हात लावू नये, आणि 1976च्या गणनेत नोंद असलेल्यांना पर्यायी जागा द्यावी, एवढाच दिलासा. तत्त्व जिंकले, पण ज्यांनी ते जिंकले त्यांचे छप्पर मात्र वाचले नाही. मला या निकालाचे मोठेपण आणि तोकडेपण एकदमच दिसते.

14 जुलै 2008 रोजी चंद्रचूड गेले. त्यांनी रुजवलेले रोप मात्र वाढले. नोव्हेंबर 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने घर पाडण्यापूर्वी किमान पंधरा दिवसांची नोटीस आणि प्रत्यक्ष सुनावणी बंधनकारक केली. रस्ते, पदपथ यांवरची आणि रेल्वेमार्ग, नदी यांलगतची बेकायदा बांधकामे आणि न्यायालयानेच पाडण्याचा आदेश दिलेली बांधकामे यांना मात्र त्यातून वगळले.

म्हणून नोटीस आली तर कागद फाडू नका, दलालाच्या हाती देऊ नका. त्यावरची तारीख आणि कलम वाचा, मुदतीत लेखी उत्तर द्या, पोच घ्या आणि सुनावणी मागा. त्याने घर वाचेलच असे नाही. पण निर्णयाआधी आपला शब्द कागदावर उतरतो, आणि पुढच्या दाराशी गेल्यावर तोच हाताशी असतो.