पडद्यामागचे लच्छू महाराज

आपल्या खानदेशात कानबाईपुढे बायका रात्र जागवतात, फुगड्या घालतात. पण माझ्या लहानपणी घरंदाज मुलीने पायांत घुंगरू बांधायचे म्हटले की घरात वादळ उठे. नाच म्हणजे तमाशा, एवढेच वडीलधाऱ्यांना ठाऊक. त्याच घरांतील बायका १९६० सालचा ‘मुगल-ए-आझम’ मात्र हौसेने पाहून आल्या आणि मधुबालेच्या अदांचे कौतुक कितीतरी दिवस करीत राहिल्या. त्या अदा तिला एका पुरुषाने शिकविल्या होत्या, हे फार थोड्या भगिनींना माहीत असेल.

त्यांचे खरे नाव बैजनाथ प्रसाद. जग त्यांना लच्छू महाराज म्हणे. लखनौच्या कालका-बिंदादीन घराण्यात त्यांचा जन्म झाला. अच्छन महाराज व शंभू महाराज हे त्यांचे सख्खे भाऊ, आणि बिरजू महाराज पुतणे. घरातच चुलते बिंदादीन यांच्यासारखे गुरू. लास्य हा लच्छू महाराजांचा खास प्रांत. घुंगट सावरणे, नजर वळविणे, घागर घेऊन चालणे, एवढ्यातून ते संपूर्ण स्त्री उभी करीत.

मुंबईस येऊन त्यांनी ‘महल’ (१९४९) सारख्या चित्रपटांचे नृत्यदिग्दर्शन केले. ‘मुगल-ए-आझम’मध्ये गाठ पडली ती मधुबालेशी. ती कथकात तयार झालेली नव्हती, शिवाय हृदयविकाराने बेजार. महाराजांनी तिच्याकडून चकरा-तोड्यांचा हट्ट धरला नाही. जन्माष्टमीच्या प्रसंगात चेहरा, हात आणि चाल यांवरच सारे तोलले. शीशमहालातील अवघड गिरक्या लक्ष्मीनारायण नावाच्या पुरुष नर्तकाने, शिल्पकार खेडकरांनी घडविलेला मधुबालेचा मुखवटा घालून केल्या. आपल्याकडे तमाशातला नाच्या पाहिलेल्यांना यात नवल वाटू नये!

इतिहासाचा काटेकोर जाणकार म्हणेल की ही नजाकत अकबराच्या दरबारची नव्हे, तीनशे वर्षांनंतरच्या लखनौची आहे. म्हणो बापडा. अकबराच्या दरबारात कसे नाचत, हे दाखवायला कोण उरले होते? महाराजांनी आपल्या घरात जिवंत असलेले तेवढे दिले, आणि प्रेक्षकांना तेच खरे वाटले. ‘पाकीजा’त (१९७२) तर काळही त्यांचा आणि गावही त्यांचे. तिथल्या कोठ्यावरच्या नाचात उथळपणा कोठे सापडत नाही. मान खाली घालून पाहावे असे काही नाही.

१९५७ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. पण मला अधिक मोलाची वाटते ती दुसरी गोष्ट. पुण्याच्या रोहिणी भाटे वर्षानुवर्षे त्यांच्यापाशी शिकल्या, आणि त्यांच्या ‘नृत्यभारती’तून मध्यमवर्गीय मराठी घरांतल्या मुली कथक शिकू लागल्या. लखनौच्या एका घरातली विद्या अशी मराठी घरांत शिरली.

शेवटी महाराज लखनौस परतले. तेथील सरकारी कथक केंद्राची धुरा त्यांनी सांभाळली आणि १९७८ साली ते निवर्तले. ‘मुगल-ए-आझम’ आता रंगीत होऊन घरोघरी दूरदर्शन संचावर दिसतो. श्रेयनामावलीत त्यांचे नाव येते. भगिनींनो, पुढच्या वेळी तेवढ्यापुरते चहाला उठू नका.