मगरीने नव्हे, पाकटाने

मगरीच्या जबड्यापुढे वाकलेला, खाकी अर्ध्या चड्डीतला हसरा माणूस वीसेक वर्षांपूर्वी घराघरांतल्या टीव्हीवर दिसायचा. ते स्टीव्ह आयर्विन. २२ फेब्रुवारी १९६२ रोजी मेलबर्नच्या उपनगरात त्यांचा जन्म झाला. आई लिन प्रसूती विभागातील परिचारिका, वडील बॉब यांना सापा-सरड्यांचे वेड. १९७० मध्ये कुटुंबाने क्वीन्सलँडमधील बीअरवा येथे सरपटणाऱ्या प्राण्यांचे छोटे उद्यान काढले. स्टीव्ह यांनी नवव्या वर्षी वडिलांच्या देखरेखीखाली मगर धरली. पुढे वस्तीजवळच्या मगरी पकडून हलवण्याच्या सरकारी मोहिमेत ते स्वयंसेवक होते.

१९९२ मध्ये अमेरिकेच्या टेरी रेन्स यांच्याशी लग्न झाले. मधुचंद्राला दोघे मगरी पकडायला गेले! त्या चित्रीकरणातूनच ‘द क्रोकोडाइल हंटर’ ही मालिका जन्मली आणि शंभरावर देशांत पोहोचली. २००२ च्या चित्रपटात त्यांनी स्वतःचीच भूमिका केली. ‘हॅपी फीट’मध्ये एलिफंट सीलला आवाज दिला. जानेवारी २००४ मध्ये महिन्याभराच्या मुलाला एका हातात घेऊन त्यांनी मगरीला कोंबडी भरवली. त्यावर टीका झाली, आणि ती रास्तच होती.

४ सप्टेंबर २००६ रोजी पोर्ट डग्लसजवळच्या बॅट रीफवर, उथळ पाण्यात चित्रीकरण करताना पाकट माशाच्या शेपटीचा काटा छातीत घुसून हृदयाला इजा झाली. वय ४४.

पाकट कोकणातल्या मच्छीमारांच्या ओळखीचा. त्याचा काटा करवतीसारखा दातेरी आणि विषारी असतो. बहुधा तो पायाला लागतो. वेदना भयंकर होतात, पण जीव सहसा जात नाही. उष्णतेने हे विष निकामी होते, म्हणून पाय सोसवेल इतक्या, साधारण ४५ अंशांच्या गरम पाण्यात अर्धा ते दीड तास बुडवावा. पाणी आधी दुसऱ्याने हाताने पाहावे, नाहीतर भाजायचे. नंतर धनुर्वाताचे इंजेक्शन, आणि जखमेत तुकडा राहिला का याची तपासणी. छाती, पोट किंवा मानेत रुतलेला काटा मात्र उपटू नये. फुटलेल्या रक्तवाहिनीला त्याचेच बूच बसलेले असू शकते. रुग्णाला तसेच रुग्णालयात न्यावे.

स्टीव्ह यांनी काटा स्वतः उपटल्याची बातमी तेव्हा पसरली होती. सोबतच्या कॅमेरामनने पुढे ती खोडून काढली. हृदयालाच भोक पडल्यावर भर समुद्रात करण्यासारखे फारसे उरत नाही.

त्यानंतरच्या दिवसांत क्वीन्सलँडच्या किनाऱ्यांवर शेपट्या छाटलेले पाकट मासे मरून पडलेले आढळले. असा सूड घेऊ नका, असे स्टीव्ह यांच्याच वन्यजीव संस्थेला लोकांना सांगावे लागले.