धून सगळ्यांची, नाव कुणाचं?

हिंजवडीच्या बसमध्ये हेडफोन लावून बसलेल्या कुणालाही विचारा, नेटफ्लिक्स कसं सुरू होतं? तो लगेच ‘टुडुम’ करून दाखवेल. घरी आजी-आजोबांना विचारा, सकाळी आकाशवाणी कशी सुरू व्हायची? तेही तानपुरा आणि व्हायोलिनची ती धून गुणगुणतील. ती बांधली कुणी, हे मात्र फार थोड्यांना माहीत असतं. तिचं श्रेय दिलं जातं वॉल्टर कॉफमन यांना.

कॉफमन यांचा जन्म १९०७ चा, आजच्या चेक प्रजासत्ताकातल्या कार्ल्सबादचा. घर ज्यू. संगीत शिकले बर्लिनमध्ये, नंतर प्रागमध्ये पीएचडीचा प्रबंध लिहिला. पण आपले मार्गदर्शक नाझी युवक संघटनेचं काम करतात हे कळल्यावर त्यांनी ती पदवी घेतलीच नाही.

युरोपात ज्यूंना जगणं अवघड व्हायला लागलं होतं. १९३४ मध्ये कॉफमन मुंबईला आले. बेत थोडे दिवस राहण्याचा होता, राहिले १२ वर्षं! आपल्याकडच्या संगीताच्या रेकॉर्ड्स पहिल्यांदा ऐकल्या तेव्हा त्यांना ते सगळं अगदीच परकं वाटलं. आपण अशा वेळी सरळ स्किप करतो. त्यांनी विचार केला, की इतक्या लोकांना हे मनापासून आवडतं, तर कमी पडतोय तो मीच. आणि ते शिकायला बसले.

मुंबईत त्यांनी ‘बॉम्बे चेंबर म्युझिक सोसायटी’ काढली. तिथे त्यांच्यासोबत व्हायोलिन वाजवायचे मेहली मेहता, म्हणजे झुबिन मेहतांचे वडील. १९३७ पासून कॉफमन रेडिओच्या मुंबई केंद्रावर पाश्चात्त्य संगीताचा विभाग सांभाळू लागले. ती धून याच काळातली. खाली तानपुरा, वर व्हायोलिन आणि सूर शिवरंजनीचे.

मुंबईत दूरदर्शन आलं १९७२ मध्ये. दूरदर्शनच्या धूनसोबत पंडित रविशंकर यांचं नाव आजही घेतलं जातं. कॉफमन यांच्या वाट्याला ते भाग्य आलं नाही. १९४६ मध्ये ते भारतातून गेले. पुढे कॅनडात विनिपेगच्या ऑर्केस्ट्राचे कंडक्टर झाले, मग अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात प्राध्यापक. इथे शिकलेलं त्यांनी सोडलं नाही. १९६८ मध्ये उत्तर भारतीय रागांवर त्यांचा मोठा ग्रंथ आला. १९८४ मध्ये ते गेले. त्यांच्या स्वतःच्या रचना मात्र कित्येक वर्षं कपाटातच पडून होत्या. त्यातल्या काहींचा अल्बम टोरोंटोच्या एका गटाने काढला, तो थेट २०२० मध्ये.

आज ती धून यूट्यूबवर शोधा आणि एकदा शेवटपर्यंत ऐका. आधी तानपुरा लागेल, मग व्हायोलिन. ज्याला हे सूर एकेकाळी कळतच नव्हते, त्या माणसाचं ते काम आहे.