अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांना ३ रात्री उघड्यावर झोपवणारा गाईड, ज्याच्यामुळे योसेमिटी वाचलं

साल १९०३, मे महिना. कॅलिफोर्नियातल्या योसेमिटी खोऱ्यात एकच गडबड उडाली होती. अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट येणार होते. त्यांच्यासाठी जेवणावळीचा बेत ठरला होता, आतषबाजी होणार होती आणि राज्यातली बडी मंडळी स्वागताला तयार होती.

पण रूझवेल्ट यांचा प्लॅन वेगळाच होता. त्यांनी आधीच एका माणसाला पत्र लिहून कळवलं होतं की, चार दिवस राजकारण पूर्ण बाजूला ठेवून त्यांना फक्त त्या माणसासोबत मोकळ्या रानात राहायचं आहे. झालंही तसंच. राष्ट्राध्यक्षांनी सगळा लवाजमा मागे सोडला आणि ६५ वर्षांच्या एका दाढीवाल्या म्हाताऱ्यासोबत जंगलात तीन रात्री काढल्या.

त्या माणसाचं नाव जॉन म्युर. अमेरिकेत त्यांना राष्ट्रीय उद्यानांचे जनक म्हणतात. पण हा माणूस काही सरकारी अधिकारी नव्हता, नेता नव्हता. त्याने मेंढ्या राखल्या होत्या, लाकडाच्या गिरणीत काम केलं होतं आणि पर्यटकांना डोंगर दाखवत फिरवलं होतं.

मग देशाच्या राष्ट्राध्यक्षांना त्याच्यासोबतच का जावंसं वाटलं? आणि त्या तीन रात्रींमुळे नेमकं काय बदललं?

विहिरीत मरता मरता वाचलेला पोरगा

जॉनचा जन्म २१ एप्रिल १८३८ चा, स्कॉटलंडमधल्या डनबार या गावातला. आठ भावंडांतला हा तिसरा. तो ११ वर्षांचा असताना, १८४९ मध्ये, कुटुंब अमेरिकेतल्या विस्कॉन्सिनमध्ये आलं आणि जंगल साफ करून शेती करू लागलं.

वडील डॅनियल म्युर कमालीचे कर्मठ. पोरांनी दिवसभर राबायचं आणि बायबल पाठ करायचं, एवढंच त्यांना ठाऊक. मार खाऊन खाऊन जॉनला अख्खा नवा करार आणि जुन्या कराराचा मोठा भाग तोंडपाठ झाला होता.

पुढे दुसऱ्या शेतावर विहीर खणायची वेळ आली. खाली कातळ लागला. वडिलांनी जॉनच्या हातात छिन्नी-हातोडा दिला आणि बादलीत बसवून त्याला खाली सोडलं. रोज सकाळी खाली जायचं आणि संध्याकाळी वर यायचं, असं महिनोन्‌महिने चाललं. साधारण ८० फुटांवर एकदा विहिरीत विषारी वायू साचला आणि जॉन बेशुद्ध होता होता वाचला. एक-दोन दिवसांत बरं वाटल्यावर वडिलांनी त्याला परत खाली पाठवलं. विहीर ९० फुटांपर्यंत गेली, तेव्हा पाणी लागलं.

एवढ्या कष्टातही या पोराचं डोकं मात्र भन्नाट चालायचं. पहाटे उठून तो लाकडाची यंत्रं बनवायचा. त्यातलं एक म्हणजे ठरलेल्या वेळी झोपलेल्या माणसाला कलंडून उभं करणारा पलंग. १८६० मध्ये ही यंत्रं घेऊन तो मॅडिसनच्या जत्रेत गेला आणि लोकांनी गर्दी केली. पुढे विस्कॉन्सिन विद्यापीठात प्रवेश मिळाला, तिथे वनस्पतीशास्त्राची गोडी लागली. पण डिग्री न घेताच त्याने विद्यापीठ सोडलं.

एका कानशीने आयुष्य फिरवलं

मार्च १८६७. जॉन तेव्हा इंडियानापोलिसच्या एका गाड्या बनवणाऱ्या कारखान्यात काम करत होता. यंत्रांतली त्याची हुशारी बघून मालकही खूश होता. सगळं असंच चालू राहिलं असतं तर कदाचित तो मोठा कारखानदार झाला असता.

एके दिवशी यंत्राचा पट्टा सैल करताना हातातली कानस सटकली आणि थेट उजव्या डोळ्यात घुसली. थोड्याच वेळात धक्क्याने डाव्या डोळ्याचंही दिसणं गेलं. काही आठवडे त्याला अंधाऱ्या खोलीत पडून राहावं लागलं. झाडं, फुलं, डोंगर परत कधी दिसतील की नाही, याची काहीच खात्री नव्हती.

दृष्टी परत आली, पण जॉन कारखान्यात परत गेला नाही. आयुष्यभर यंत्रं बघत बसण्यापेक्षा सृष्टी बघायची, असं त्याने ठरवलं. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये तो चालत निघाला आणि सुमारे १००० मैल तुडवून फ्लोरिडाच्या किनाऱ्यावर पोचला. विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर म्हणतात तसा प्रकार. तिथे मलेरियाने गाठलं. बरा झाल्यावर क्युबामार्गे फिरत फिरत १८६८ मध्ये तो सॅन फ्रान्सिस्कोत उतरला आणि तिथून थेट योसेमिटीकडे चालू लागला.

मेंढपाळ, कामगार आणि गाईड

योसेमिटी म्हणजे सिएरा नेवाडा डोंगररांगेतलं एक खोरं. दोन्ही बाजूंना हजारो फुटांचे ग्रॅनाईटचे उभे कडे, त्यावरून कोसळणारे धबधबे आणि जवळच जगातल्या सगळ्यात अवाढव्य झाडांपैकी असलेले सिकोया वृक्ष.

म्युर यांना या जागेने वेड लावलं. १८६९ च्या उन्हाळ्यात ते मेंढ्यांच्या कळपासोबत वरच्या कुरणांत गेले. मेंढ्या टोळधाडीसारखं सगळं कसं फस्त करतात, हे त्यांनी तिथेच पाहिलं. नंतर खोऱ्यातल्या एका हॉटेलमालकाच्या लाकूड गिरणीत ते कामाला लागले. पण तिथे चिरायला घ्यायची ती वादळात उन्मळून पडलेली झाडं. उरलेल्या वेळात पर्यटकांना खोरं फिरवून दाखवायचं काम.

या गाईडगिरीत म्युर फक्त धबधबे दाखवून थांबत नव्हते. हे खोरं हिमनद्यांनी हजारो वर्षं कोरून तयार केलं, असं ते सांगायचे. राज्याचे मुख्य भूगर्भशास्त्रज्ञ जोसाया व्हिटनी यांचं मत वेगळं होतं. जमीन खचून खोरं तयार झालं, असं ते मानत आणि म्युर यांना अडाणी मेंढपाळ समजत. पण १८७१ मध्ये म्युर यांना सिएरा नेवाडात एक जिवंत हिमनदी सापडली. पुढे विज्ञानाने कौल दिला तो मेंढपाळाच्या बाजूने. खोऱ्याला आजचा आकार देण्यात हिमनद्यांचा मोठा हात होता, हे मान्य झालं.

त्याच वर्षी मे महिन्यात प्रसिद्ध विचारवंत राल्फ वाल्डो इमर्सन योसेमिटीला आले. म्युर त्यांचे जबरदस्त चाहते. मारिपोसा ग्रोव्हच्या सिकोया वृक्षांखाली एक रात्र मुक्काम करू, असा आग्रह त्यांनी धरला. पण इमर्सन सदुसष्टीत होते. म्हाताऱ्या माणसाला थंडी बाधेल म्हणून सोबतच्या मंडळींनी नकार दिला आणि सगळे हॉटेलात झोपायला गेले. म्युर त्या रात्री झाडांखाली एकटेच राहिले.

कायदा झाला, पण खोरं बाहेरच राहिलं

१८८० मध्ये म्युर यांनी लुई स्ट्रेंट्झेल यांच्याशी लग्न केलं. दोन मुली झाल्या. मार्टिनेझ इथल्या सासऱ्यांच्या फळबागा सांभाळून त्यांनी चांगला पैसाही कमावला, पण तब्येत ढासळू लागली. शेवटी पत्नीनेच बागेचा व्याप कमी करून डोंगरात जा आणि लिहा, असा आग्रह धरला.

१८८९ मध्ये सेंच्युरी मासिकाचे संपादक रॉबर्ट अंडरवूड जॉन्सन त्यांच्यासोबत योसेमिटीच्या वरच्या कुरणांत मुक्कामाला आले. मेंढ्यांनी उजाड केलेली जमीन त्यांनी डोळ्यांनी पाहिली. शेकोटीपाशी दोघांचं ठरलं. म्युर यांनी लेख लिहायचे आणि जॉन्सन यांनी वॉशिंग्टनमध्ये खटपट करायची. १८९० मध्ये लेख छापून आले आणि १ ऑक्टोबर १८९० ला योसेमिटी राष्ट्रीय उद्यानाचा कायदा झाला. दोन वर्षांनी सिएरा क्लब ही संस्था स्थापन झाली. म्युर तिचे पहिले अध्यक्ष झाले आणि मरेपर्यंत तेच अध्यक्ष राहिले.

पण यात एक मोठी मेख होती. अब्राहम लिंकन यांनी १८६४ मध्येच योसेमिटी खोरं आणि मारिपोसा ग्रोव्ह हे दोन भाग कॅलिफोर्निया राज्याकडे सोपवले होते. त्यामुळे आजूबाजूचं जंगल केंद्र सरकारचं, पण मधलं खोरं राज्याचं. तिथे कुंपणं पडली, गवताची शेती सुरू झाली, डुकरं पाळली गेली, झाडं तोडली गेली. हे खोरं राज्याकडून काढून घ्यायचं, तर देशाच्या सर्वोच्च माणसालाच ते पटवायला हवं होतं.

त्या तीन रात्री

म्युर यांचं राष्ट्रीय उद्यानांवरचं पुस्तक १९०१ मध्ये आलं होतं. १९०३ मध्ये रूझवेल्ट यांचं पत्र आलं, तेव्हा म्युर जगप्रवासाला निघायच्या तयारीत होते. त्यांनी तो प्रवास पुढे ढकलला.

१५ मे. घोडागाड्यांचा ताफा मारिपोसा ग्रोव्हमध्ये पोचला. फोटो झाले आणि रूझवेल्ट यांनी बाकी सगळ्यांना हॉटेलकडे रवाना केलं. मागे राहिले ते राष्ट्राध्यक्ष, म्युर आणि मदतीला दोन रेंजर व सामान वाहणारा एक माणूस. ग्रिझली जायंट नावाच्या महाकाय सिकोयाजवळ अंथरुणं पडली. ३२ वर्षांपूर्वी इमर्सन यांनी जिथे राहायला नकार दिला होता, तेच हे वन.

दुसऱ्या दिवशी बर्फातून घोड्यांवरून वाट काढत सगळे ग्लेशियर पॉइंटच्या बाजूला पोचले. त्या रात्री बर्फ पडला. सकाळी राष्ट्राध्यक्ष जागे झाले ते पांघरुणावरचा काही इंच बर्फ झटकतच, आणि तक्रार करायची सोडून ते भलतेच खूश झाले. कड्याच्या टोकावर उभे असलेल्या या दोघांचा प्रसिद्ध फोटो तिथलाच.

१७ मेला ते खोऱ्यात उतरले, तेव्हा स्वागत समिती वाट बघत होती. रूझवेल्ट थोडा वेळ थांबले, हात मिळवले आणि पुढे निघून गेले. तिसरी रात्र ब्रायडलव्हेल धबधब्याजवळच्या कुरणात, पुन्हा उघड्यावरच. जेवणावळ आणि आतषबाजी तशीच राहिली.

सोबतच्या रेंजरने नंतर एक गमतीची आठवण सांगितली. दोघांची एकच अडचण होत होती, ती म्हणजे दोघांनाही बोलायचं असायचं. म्युर हिमनद्या आणि झाडांवर बोलायचे, शिकारीच्या नादावरून राष्ट्राध्यक्षांना टोकायचे. पक्ष्यांचं वेड असलेल्या रूझवेल्ट यांना मात्र एका गोष्टीचं नवल वाटलं. एवढं जंगल जाणणाऱ्या माणसाला पक्ष्यांच्या आवाजात फारसा रस नव्हता.

आणि या गप्पांमध्येच म्युर यांनी मुद्द्याची गोष्ट मांडली. खोरं केंद्राकडे घ्या.

जिंकले आणि हरलेही

१९०५ मध्ये कॅलिफोर्नियाच्या विधिमंडळाने खोरं आणि मारिपोसा ग्रोव्ह परत देण्याचा कायदा केला. जून १९०६ मध्ये रूझवेल्ट यांच्या सहीने दोन्ही भाग राष्ट्रीय उद्यानात सामील झाले. रूझवेल्ट यांनी आपल्या कारकिर्दीत ५ राष्ट्रीय उद्यानं, १८ राष्ट्रीय स्मारकं आणि १५० राष्ट्रीय वनं घोषित केली. हे सगळं त्या तीन रात्रींमुळेच झालं असं म्हणणं चूक ठरेल, कारण निसर्गाची आवड त्यांना लहानपणापासूनच होती. पण योसेमिटीच्या बाबतीत तो मुक्काम मोलाचा ठरला.

म्युर यांचा पुढे ढकललेला जगप्रवासही झाला. त्या प्रवासात ते भारतात आले आणि त्यांनी हिमालयातले देवदार पाहिले.

शेवटची लढाई मात्र ते हरले. योसेमिटी उद्यानाच्या आतच हेच हेची नावाचं दुसरं सुंदर खोरं होतं. सॅन फ्रान्सिस्को शहराला पाण्यासाठी तिथे धरण हवं होतं. १९०३ मध्ये रूझवेल्ट यांच्याच सरकारने ही मागणी फेटाळली होती. पण १९०६ च्या भूकंपात आणि आगीत शहर बेचिराख झालं आणि वारं फिरलं. १९०८ मध्ये त्याच सरकारने परवानगी दिली. शेकोटीची मैत्री इथे कामी आली नाही.

म्युर आणि सिएरा क्लब पुढची पाच वर्षं लढत राहिले. अखेर डिसेंबर १९१३ मध्ये राष्ट्राध्यक्ष वुड्रो विल्सन यांनी धरणाच्या कायद्यावर सही केली. त्यानंतर साधारण वर्षभराने, २४ डिसेंबर १९१४ ला, लॉस एंजेलिसच्या रुग्णालयात न्यूमोनियाने म्युर यांचं निधन झालं. ते ७६ वर्षांचे होते. १९२३ मध्ये धरण पूर्ण झालं आणि हेच हेची पाण्याखाली गेलं.

एक बाजू हीसुद्धा

म्युर यांच्या गोष्टीत एक गोष्ट बराच काळ झाकली गेली. योसेमिटी हे काही निर्मनुष्य रान नव्हतं. तिथे अहवाहनीची हे मूळ रहिवासी पिढ्यान्‌पिढ्या राहत होते आणि १८५१ मध्ये सशस्त्र तुकडीने त्यांना हुसकावून लावलं होतं. म्युर यांनी सुरुवातीच्या लिखाणात मूळ रहिवासी आणि कृष्णवर्णीय लोकांबद्दल अपमानास्पद शब्द वापरले होते. पुढे त्यांची काही मतं बदलली, पण लिहिलेलं राहिलं. २०२० मध्ये खुद्द सिएरा क्लबने ही गोष्ट जाहीरपणे मान्य केली.

ज्या जमिनीला हात लावू नका म्हणून म्युर आयुष्यभर भांडले, त्या जमिनीवरून माणसं आधीच हाकलली गेली होती. जंगल वाचवायचं म्हणजे तिथल्या माणसांचं काय करायचं, हा प्रश्न आजही जगभरातल्या अभयारण्यांत सुटलेला नाही.

म्युर गेल्यानंतर दोन वर्षांनी, १९१६ मध्ये, अमेरिकेत राष्ट्रीय उद्यानं सांभाळणारी स्वतंत्र यंत्रणा उभी राहिली. हेच हेची गमावल्याचा धडा त्यामागे होताच. आज गाईडसोबत पाठीवर सॅक टाकून चार-पाच दिवसांचा ट्रेक करायला लोक जगभरातून योसेमिटीला येतात. त्या डोंगरांतून जाणाऱ्या २०० मैलांहून लांब पायवाटेला नाव आहे जॉन म्युर ट्रेल. हेच हेचीचं धरणही जागेवर आहे आणि सॅन फ्रान्सिस्को आजही तेच पाणी पितं.