द्विधा मन आणि विवाह
(अब्राहाम लिंकन ह्यांच्या चरित्रातील एक प्रकरण)

अब्राहाम लिंकन हे नाव आमच्या वाचकांस अपरिचित नाही. अमेरिकेतील गुलामांस मुक्त करणारा अध्यक्ष म्हणून शाळेतील मुलेही त्यांस ओळखतात. परंतु ज्या पुरुषाने एवढ्या मोठ्या राष्ट्राचा भार वाहिला, त्याचे मन स्वतःच्या लग्नाच्या वेळी इतके डळमळले की ठरलेला विवाह मोडला, व तो पुन्हा जुळून येण्यास जवळजवळ दोन वर्षे लागली, हे पुष्कळांस ठाऊक नसेल. लग्न ठरल्यावर ज्यांच्या मनात भय शिरते व ते कोणापाशी बोलावे हे ज्यांस कळत नाही, अशी तरुण माणसे आमच्या मंडळ्यांतही आहेत. त्यांच्या, व त्यांस सल्ला देणाऱ्या वडीलमंडळींच्या उपयोगी पडावे म्हणून हे प्रकरण आम्ही येथे देत आहो.

लिंकन ह्यांचा जन्म केंटकी प्रांतात ता. १२ फेब्रुवारी १८०९ रोजी लाकडी ओंडक्यांच्या एका खोपटात झाला. ते नऊ वर्षांचे असता त्यांची आई वारली. सर्व मिळून त्यांचे शाळेतील शिक्षण एक वर्षाचेही झाले नाही. स्वतःच्या परिश्रमाने कायद्याचा अभ्यास करून ते वकील झाले, आणि १८३७ च्या एप्रिलात स्प्रिंगफील्ड गावी आले. त्या वेळी अंथरूण-पांघरूण विकत घेण्याइतकाही पैसा त्यांच्यापाशी नव्हता. तेथील एक तरुण दुकानदार, जोशुआ स्पीड, ह्याने त्यांस आपल्या दुकानावरच्या खोलीत ठेवून घेतले. तेव्हापासून ह्या दोघांचा सख्ख्या भावांसारखा स्नेह जडला.

लग्नाविषयीची चलबिचल लिंकन ह्यांस नवी नव्हती. पूर्वी दुसऱ्या एका बाईशी त्यांचे बोलणे चालले होते. तेव्हाही मनाचा निश्चय होईना, म्हणून १८३७ च्या ऑगस्टात त्यांनी पत्र लिहून सारा निर्णय तिच्यावरच सोपविला. तिने नकार दिला. पुढे कु. मेरी टॉड हिच्याशी त्यांची ओळख झाली. ती श्रीमंत घराण्यातील, सुशिक्षित व बोलण्यात चतुर असून वयाने त्यांच्याहून सुमारे दहा वर्षांनी लहान होती. आपल्या विवाहित बहिणीच्या घरी ती राहत असे. १८४० साली दोघांचे लग्न ठरले. परंतु त्या घरच्या मंडळींस हा गरीब वकील मनापासून पसंत नव्हता.

त्यानंतर लिंकन ह्यांच्या मनात शंका उत्पन्न झाल्या. आपले हिच्यावर खरे प्रेम आहे काय? सुखात वाढलेल्या मुलीस आपण काय देऊ शकणार? स्पीडने पुढे सांगितलेल्या हकीकतीवरून असे दिसते की, लिंकन ह्यांनी लग्न मोडण्याविषयी एक पत्र लिहून ते पोहोचविण्यास स्पीडच्या हाती दिले. स्पीडने ते नेण्याचे साफ नाकारले. मर्दपणा असेल तर समक्ष जाऊन बोलावे, असे त्याने त्यांस सांगितले. लिंकन गेले व बोलले, परंतु मेरीचे अश्रू पाहून संबंध तोडण्याचे त्या वेळी राहून गेले. अखेरीस १८४१ च्या आरंभी हा संबंध तुटला. त्याच्या कारणांविषयी चरित्रकारांत एकमत नाही. परंतु परिणाम सर्वांच्या डोळ्यांसमोर होता. लिंकन ह्यांस घोर उदासीनतेने ग्रासले. काही दिवस ते कायदेमंडळात गेले नाहीत, आणि मित्रांस त्यांच्या जिवाची काळजी वाटू लागली. ता. २३ जानेवारी रोजी आपल्या वकिलीतील भागीदारास लिहिलेल्या पत्रात, आपल्याइतका दुःखी मनुष्य पृथ्वीवर दुसरा कोणी नसेल, अशा अर्थाचे त्यांनी लिहिले.

त्याच वर्षी उन्हाळ्याच्या अखेरीस ते केंटकीत स्पीडच्या घरी जाऊन काही आठवडे राहिले. स्पीडच्या आईने त्यांचे दुःख ओळखून त्यांस एक पवित्र शास्त्र भेट दिले. वीस वर्षांनी, १८६१ साली, अध्यक्ष झाल्यावर त्यांनी त्या माउलीस आपले छायाचित्र पाठविले, तेव्हा त्या भेटीचा उल्लेख त्यावर स्वहस्ते लिहिला.

आता ईश्वरी योजना पाहा. स्पीडचेही लग्न फॅनी हेनिंग नावाच्या मुलीशी ठरले, आणि ठरताच त्यालाही अगदी तशाच शंकांनी पछाडले! ज्याने दुसऱ्याला धीर द्यावयाचा तोच आता धीर मागू लागला. १८४२ च्या आरंभी लिंकन ह्यांनी त्यास एकामागून एक पत्रे लिहिली. त्यांत त्यांनी वैद्याप्रमाणे रोगाची कारणे निवडून दाखविली. तुझा स्वभाव मुळात हळवा. त्यात प्रवासातील वाईट हवा, कामधंदा व मित्रांची सोबत नसणे, आणि लग्नाचा दिवस जवळ येणे. ह्यांमुळे मन घाबरते, त्यावरून प्रेम नाही असे समजू नको, असा त्यांचा सांगण्याचा भाव होता. तू तिच्या धनासाठी तिला मागणी घातली नाहीस, हेही त्यांनी त्यास आठवून दिले. फॅनी आजारी पडली तेव्हा स्पीडचा जीव कासावीस झाला. त्यावर, हीच काळजी तुझ्या प्रेमाचा पुरावा आहे, असे त्यांनी कळविले.

स्पीडचे लग्न १५ फेब्रुवारी १८४२ रोजी झाले. त्यानंतरचे त्याचे पत्र लिंकन ह्यांनी मोठ्या धास्तीने उघडले, आणि सर्व ठीक आहे असे वाचल्यावरही कित्येक तास त्यांचे मन स्थिर झाले नाही. मग त्यांच्या ध्यानात आले की, आपण दोघांनीही पृथ्वीवर न मिळणाऱ्या सुखाची स्वप्ने पाहिली, आणि म्हणून खऱ्या सुखाची आपणांस भीती वाटली.

तथापि मेरीस आपण दुःख दिले, ही टोचणी त्यांच्या अंतःकरणातून जाईना. मार्चातील पत्रात त्यांनी ती बोलून दाखविली. जुलैमध्ये त्यांनी लिहिले की, केलेला निश्चय पाळण्याची आपली शक्ती हे पूर्वी आपले भूषण होते. ते हरवले आहे, आणि ते परत मिळेपर्यंत ह्या बाबतीत पाऊल टाकणे बरे नव्हे. पुढे एका स्नेही कुटुंबाच्या घरी लिंकन व मेरी ह्यांची पुन्हा भेट झाली. ५ ऑक्टोबर रोजी त्यांनी स्पीडला एकच प्रश्न विचारला: लग्न झाल्याचा आनंद तुला केवळ बुद्धीने वाटतो की मनापासूनही? उत्तर लवकर पाठीव, अशी विनंतीही केली. त्यानंतर एका महिन्याच्या आत, ४ नोव्हेंबर १८४२ रोजी, मेरीच्या बहिणीच्या घरी त्यांचा विवाह झाला.

त्यांचा संसार सर्वस्वी सुखाचा झाला असे आम्ही म्हणत नाही. मेरीबाई शीघ्रकोपी होत्या, आणि लिंकन पुष्कळदा उदास व मुके बसत. चार मुलांपैकी दोन पित्याच्या डोळ्यांदेखत गेले. परंतु तेवीस वर्षांच्या काठापर्यंत त्यांनी एकमेकांस सोडले नाही. १४ एप्रिल १८६५ रोजी लिंकन ह्यांस गोळी लागली, तेव्हा मेरीबाई त्यांच्या शेजारीच बसल्या होत्या.

ह्या हकीकतीवरून आम्हांस असे वाटते की, लग्नापूर्वी मन भ्याले एवढ्यावरून लग्न चुकीचे ठरत नाही. परंतु भय मनात कोंडून ठेवणे वाईट. आणि ज्याच्याशी आपले आयुष्य जडावयाचे त्यास निरोप्याकडून कळविणे त्याहून वाईट. विश्वासू मित्रापाशी बोलावे, आणि भय कोठून आले हे शोधावे. ते केवळ हळवेपणातून आले असेल तर धीराने ते निघून जाते. त्याच्या मुळाशी फसवणूक, बळजबरी किंवा खरी नापसंती असेल, तर लग्नाची सूचना मंडळीत वाचली गेली असली तरी थांबावे. मांडव उतरविण्याची लाज चार दिवसांची, संसार जन्माचा.

कामगार बंधूंनो, मुलगा व मुलगी ह्यांस वेगवेगळे बसवून शांतपणे विचारा, आणि उत्तर येईपर्यंत घाई करू नका. वेदीपुढे दोघांनाही प्रश्न विचारला जातो, तो ह्यासाठीच.